बेदम

एकोडी हे भंडारा जिल्ह्यातील साकोली तालुक्याचे गाव. परिसर धानाचा. दिवाळीनंतर नवे धान येऊ लागले की व्यापाऱ्याला उसंत नसते. पोती उघडली जातात, माल पाखडून पाहिला जातो, आणि तुसाची बारीक धूळ गादीपासून तिजोरीपर्यंत सर्वत्र बसते. अशाच एका दुकानाच्या गादीवर चाळीस वर्षे बसलेल्या अडुसष्ट वर्षांच्या एका गृहस्थांची ही हकिगत.

गेल्या हिवाळ्यात मुलाने आग्रहाने त्यांना भंडाऱ्याला डॉक्टरांकडे नेले. परत आल्यावर चिठ्ठी नातीच्या हाती पडली. तिच्यावर इंग्रजीत लिहिले होते : ब्रेथलेस, ग्रेड टू. सूनबाई म्हणाल्या, "हे तर शंकर महादेवनचं गाणं!" १९९८ साली आलेले, जावेद अख्तर यांनी लिहिलेले ते गाणे श्वास न घेता गायल्यासारखे वाटते, म्हणून त्याला ते नाव. घरात हा शब्द तेवढ्यापुरताच माहीत होता. नववीतील नातीने मात्र कोश काढला आणि आजोबांजवळ बसून एकेक अर्थ वाचू लागली.

पहिला अर्थ : धाप लागलेला, दम लागलेला. दुसरा : उत्कंठेने वा आश्चर्याने श्वास रोखलेला. तिसरा हवेविषयीचा : ज्यात वाऱ्याची झुळूकही नाही असा, आपण ज्याला निर्वात किंवा कोंदट म्हणतो तसा. चौथा अर्थ वाचताना तिचा आवाज खाली आला. तो होता : गतप्राण, निष्प्राण.

"आजोबा, तुम्ही यातले कोणते?" तिने विचारले.

"पहिला," ते हसून म्हणाले, "आणि तोही वयामुळे."

हे उत्तर ते वर्षभर सर्वांना देत होते. जिना चढताना मध्येच थांबून भिंतीवरचे कॅलेंडर पाहत. मंदिराच्या वाटेवर कुणी भेटले की आनंदाने थांबत, कारण थांबायला निमित्त मिळे. जुन्या हमालाने एकदा थेट विचारले, "शेठ, दम भरते का?" त्यालाही त्यांनी हसण्यावारी नेले.

लपवण्याचे कारण आजाराच्या भीतीपेक्षा शब्दात अधिक होते. फारसीत दम म्हणजे श्वास. मराठीने हा शब्द घेतला आणि त्याला किती कामे दिली! श्वास फुलला की दम लागतो, तो विकार जडला की दमा होतो. धीर ठेवायचा तर दम धरावा, विसावा घ्यायचा तर दम खावा, धाक घालायचा तर दम द्यावा. आणि बाजारात सर्वांत वाईट शेरा कोणता, तर "त्यांच्यात आता दम राहिला नाही." शेठजींचा दम गेला, हे वाक्य प्रकृतीविषयी बोलले गेले तरी ऐकणारा ते पेढीविषयी ऐकतो. उधारी वसूल व्हायची असताना आणि नवा माल उचलायचा असताना असे वाक्य गावात फिरणे त्यांना परवडणारे नव्हते.

गंमत अशी की ब्रेथलेस या शब्दाला अक्षरशः जुळणारा शब्द आपल्याजवळ आहेच : बेदम. बे म्हणजे वाचून, दम म्हणजे श्वास. पण मराठीत तो जवळजवळ माराच्या वर्णनापुरताच उरला. ज्याला श्वास पुरत नाही त्या माणसासाठी आपण तो वापरत नाही. त्याच्यासाठी आपल्याजवळ "वय झालं" एवढेच असते.

त्यांना स्वतःला सत्य कळले ते कोशातून नव्हे. रोज संध्याकाळी ते कायोत्सर्ग करीत. नऊ वेळा णमोकार मंत्र आणि त्याचे सत्तावीस श्वासोच्छ्वास, हा लहानपणापासूनचा हिशेब. त्या संध्याकाळी नऊ मंत्र पूर्ण होईपर्यंत श्वास चाळिशीपर्यंत गेले. त्यांनी पुन्हा मोजले. मंत्राची गती तीच, बैठक तीच. श्वास मात्र आखूड झाले होते. दुकानात ज्या माणसाने आयुष्यभर रुपयाची तफावत राहू दिली नाही, त्याच्या खात्यात तेरा श्वासांचा फरक होता.

आपल्याकडे प्राण दहा सांगितले आहेत : पाच इंद्रिये, मन, वचन व काय ही तीन बले, श्वासोच्छ्वास आणि आयु. एकेंद्रिय जीवाला यांपैकी चारच असतात, पण त्या चारांतही श्वासोच्छ्वास आहे. वाणी नसलेल्या, मन नसलेल्या जीवालाही जो प्राण मिळाला, त्याची हेळसांड करून आपण "वय झालं" म्हणतो, हे त्यांना त्या आसनावरच खटकले. रात्री त्यांनी मुलाला जवळ बसवले आणि वर्षभराचा सारा वृत्तान्त सांगितला.

पुढच्या भेटीत डॉक्टरांनी ग्रेड टूचा अर्थ उलगडला. धापेच्या शून्यापासून चारपर्यंत पायऱ्या मानतात. केवळ जड श्रमानेच धाप लागत असेल तर शून्य. घाईने चालताना किंवा लहानसा चढ चढताना लागत असेल तर एक. सपाट रस्त्यावर समवयस्कांच्या मागे पडावे लागत असेल, किंवा आपल्या चालीने चालतानाही थांबावे लागत असेल तर दोन. शंभरेक मीटरवर थांबावे लागले तर तीन. कपडे बदलतानाही धाप लागून घराबाहेर पडणे अशक्य झाले तर चार. फुंकण्याची तपासणी झाली, छातीचा एक्स-रे झाला, हृदय आणि रक्तही पाहिले, कारण पंडुरोग किंवा हृदयविकार यांतही पहिली तक्रार धापेचीच असू शकते. येथे दोष फुप्फुसांत होता. अनेक वर्षांच्या धुळीचा त्यात वाटा होता.

श्वासातून घ्यायचे औषध सुरू झाले. "पंपाची सवय लागते म्हणतात," शेठजींनी शंका काढली. डॉक्टर म्हणाले, "चष्म्याची लागते तेवढीच." पोती उघडताना नाकातोंडावर मास्क आणि पाखडणीपासून दूर बैठक, हेही ठरले. बसल्या जागी धाप लागली, आडवे होताच ती वाढली, छातीत दुखले, ओठ निळसर झाले किंवा पायांना सूज आली तर एक दिवसही थांबू नये, ही ताकीद त्यांनी सूनबाईंनाही दिली.

नातीने मग संस्कृत कोश चाळला. तिथे तिला श्वस् हा धातू सापडला. निःश्वास त्यातला, उच्छ्वास त्यातला, आश्वासन त्यातले आणि विश्वासही त्यातलाच. मोकळा श्वास घेणे, निर्भय असणे, आणि त्यावरून भरवसा ठेवणे, असा त्या शब्दाचा प्रवास. तिने तो मोठ्याने वाचून दाखवला तेव्हा आजोबा बराच वेळ बोलले नाहीत. चाळीस वर्षे ज्या भांडवलावर पेढी चालली, त्या शब्दाच्या पोटात श्वास होता. आणि तोच त्यांनी घरच्यांपासून लपवून ठेवला होता.

गावात बोलबाला झाला, पण भ्याले होते तसा नव्हे. शेतकरी धान घेऊन येत राहिले, फक्त पोते उघडण्याआधी जुना हमाल आता म्हणतो, "शेठ, आधी तोंड बांधा." कायोत्सर्गाचे श्वास अजून सत्तावीसवर आलेले नाहीत. परवा बत्तीस झाले. तो आकडा त्यांनी स्वतः सूनबाईंना सांगितला.