सचीनची झुबेदा

राजपुरीच्या धक्क्यावरून शिडाच्या होडीने जंजिऱ्याला जाताना तांडेल सहज म्हणाला, "सिद्दींची एक पाती पार सुरतेकडे गेली. तिकडे त्यांचं सचीन नावाचं वेगळं राज्य होतं." तेव्हापासून सचीन हे नाव डोक्यातून जाईना. पहिल्या भारतीय बोलपटाची नायिका झुबेदा हिची चरित्रं याच संस्थानापासून सुरू होतात.

तापी लाइनच्या गाडीने सुरत गाठली. डब्यात धुळे-नंदुरबारकडची, लूमवर कामाला निघालेली मंडळी होती. उधना येईपर्यंत अहिराणीच कानावर पडत होती. स्टेशनजवळच्या लॉजवर खोलीला खिडकी नव्हती आणि खाली रात्रभर कापडाच्या गठ्ठ्यांची चढउतार चालू होती. व्यवस्थापकाला सांगितलं, तर त्याने मान वर करूनही पाहिलं नाही. सकाळी तापीकाठचा किल्ला बाहेरून पाहिला, इंग्रज-डच वखारवाल्यांच्या अवाढव्य कबरींवरून नजर फिरवली, उभ्याउभ्या लोचो खाल्ला आणि सचीनची वाट धरली.

सचीन आता औद्योगिक वसाहत आहे. पण माझ्या डोळ्यांसमोर होती ती अठराव्या शतकाच्या अखेरीची भाऊबंदकी. जंजिऱ्याच्या गादीचा दावेदार बाळू मियाँ पेशव्यांच्या आश्रयाला आला. 1791 मध्ये त्याने जंजिऱ्यावरचा हक्क पेशव्यांना लिहून दिला आणि बदल्यात सुरतेजवळची गावं घेतली. त्याचं झालं सचीन संस्थान. ते 1948 मध्ये मुंबई प्रांतात विलीन होईपर्यंत टिकलं. जंजिरा मात्र मराठ्यांच्या हाती कधीच आला नाही.

याच घराण्यातले नवाब तिसरे याकूत खान हे झुबेदाचे वडील, असं सगळीकडे छापलेलं असतं. तिचा जन्म 1911 चा, सुरतेचा. आई फातमा बेगम उर्दू रंगभूमीवरची नटी. सुरतेतल्या एका इतिहासाच्या प्राध्यापकांपुढे मी 'नवाबजादी' हा शब्द उच्चारला आणि ते ठामपणे म्हणाले, "नवाबाने ना लग्नाची नोंद ठेवली, ना या मुलींना आपलं म्हटलं. पुराव्याशिवाय हा शब्द वापरू नका."

पुराव्याचा मुद्दा मला मान्य आहे. पण वंश सिद्ध झाला नाही म्हणून ही कथा सुरतेच्या इतिहासाबाहेर ठेवायची, हे त्यांचं पुढचं म्हणणं मी मान्य केलं नाही. चहा निवून गेला तरी आमचा वाद चालूच होता. नवाबाने ओळख दिली नसेल, तर झुबेदाला जे मिळालं ते आईच्या कष्टाचं होतं. बायकांची कामं पुरुष करत, त्या काळात फातमा 1922 मध्ये 'वीर अभिमन्यु'तून पडद्यावर आली आणि झुबेदा, सुलताना, शहजादी या तिन्ही मुलींना तिने या व्यवसायात उभं केलं. 1926 मध्ये स्वतःची कंपनी काढून 'बुलबुल-ए-परिस्तान' दिग्दर्शित केला. ती भारतातली पहिली स्त्री-दिग्दर्शक.

आईच्या या शाळेत तयार झालेली झुबेदा मूकपटांतून गाजली. 1927 च्या 'बलिदान'मध्ये ती सुलोचना आणि आपल्या मास्टर विठ्ठलांबरोबर होती. पुढे 14 मार्च 1931 रोजी गिरगावातल्या मॅजेस्टिकमध्ये अर्देशिर इराणींचा 'आलमआरा' हा पहिला भारतीय बोलपट लागला, तेव्हा गर्दी आवरायला पोलीस बोलवावे लागले. नायक पुन्हा मास्टर विठ्ठल. शारदा स्टुडिओ सोडून इराणींच्या इंपीरियल कंपनीत आल्याबद्दल त्यांच्यावर खटला झाला आणि तो बॅरिस्टर जिनांनी लढवून जिंकला. आवाज आला आणि मूकपटांतले कितीतरी नट मागे पडले; झुबेदा पुढे गेली. जल मर्चंटबरोबर तिने पौराणिक बोलपट केले, 1934 मध्ये नानूभाई वकील यांच्यासह महालक्ष्मी मुव्हीटोन काढली. हैदराबादच्या धनराजगीर घराण्यात लग्न झाल्यावर कामं कमी झाली आणि 'निर्दोष अबला' (1949) हा तिचा शेवटचा चित्रपट ठरला. 1988 मध्ये ती मुंबईत वारली. 'आलमआरा'ची आज एकही प्रत उपलब्ध नाही.

त्या दिवशी डुमसचा किनारा पाहायचा बेत होता. तो सोडून दिला. मन या मायलेकींतच गुंतलं होतं. सुरतेने आपल्या संजीवकुमारच्या नावाने भलंमोठं नाट्यगृह बांधलं, ते योग्यच केलं. फातमा आणि झुबेदाचं नाव मात्र मला शहरात कुठे दिसलं नाही. ते लागलंच पाहिजे, आणि त्या पाटीवर नवाबाचा उल्लेख नको. फातमा बेगमची मुलगी, एवढी ओळख झुबेदाला पुरेशी आहे.