सरव्याचा सिनेमा

भाताची कापणी उरकल्यावर शेतात मागे राहिलेल्या लोंब्या वेचण्याला सरवा म्हणतात. आन्येस वार्दा या फ्रेंच दिग्दर्शिकेने 2000 साली, सत्तरी ओलांडल्यावर, छोटा डिजिटल कॅमेरा हाती घेऊन अशाच वेचणाऱ्यांवर माहितीपट केला आणि स्वतःलाही त्यांच्यातच गणले. कर्जत-खालापूरच्या भातखाचरांतून येणाऱ्या विद्यार्थ्यांपुढे 'सरवा' हा एक शब्द उच्चारला, की त्या माहितीपटाविषयी फारसे समजावून सांगावे लागत नाही.

सुमित्रा भावे (1943–2021) यांच्या कारकिर्दीकडे मला याच शब्दातून पाहावेसे वाटते. समाजकार्याचे अध्यापन आणि संशोधन करणाऱ्या भावे चाळिशीनंतर, 'बाई' (1985) या लघुपटाने, चित्रपटाकडे वळल्या. संशोधन ज्या स्त्रियांविषयी, त्यांनाच त्याचा अहवाल वाचता येत नाही, हा त्यांच्यापुढचा पेच होता. म्हणजे हे माध्यमांतर कलावंताच्या हौसेपोटी झालेले नाही. अहवालाने मागे टाकलेले बोलणे वेचून ते बोलणाऱ्यांपर्यंत परत नेण्याच्या गरजेतून ते घडले. सुनील सुकथनकर यांच्यासह केलेल्या 'दोघी' (1995) पासून 'कासव'पर्यंतच्या चित्रपटांत ही वेचक नजर टिकून आहे. 'कासव'ला 2017 साली सुवर्णकमळ मिळाले. आपली समीक्षा मात्र या चित्रपटांना 'समस्याप्रधान' ठरवून मोकळी होते, आणि पदव्युत्तर प्रबंधिकांतही तेच लेबल निमूटपणे उतरते.

अर्थात त्या लेबलाला आधार अजिबातच नाही, असे नव्हे. 'एक कप च्या'मधला कोकणातला एसटी कंडक्टर अवाच्या सवा वीजबिलाशी झगडतो, तेव्हा माहितीच्या अधिकाराचा पाठ चित्रपटावर काहीसा स्वार होतो. पण त्या घरातली माणसे एकमेकांशी ज्या संथपणे बोलतात, ते कोणत्याही पाठात बसणारे नाही. (खालापूर तालुक्यात नितीन देसाई यांनी 2005 साली उभारलेल्या स्टुडिओमुळे आमच्या विद्यार्थ्यांना चित्रपट म्हणजे भव्य नेपथ्य, हे समीकरण घराजवळच मिळाले आहे; त्यांना हे घर प्रथम रिकामे वाटते.)

खरी कसोटी 'दिठी'ची. दि. बा. मोकाशी यांच्या 'आता आमोद सुनासि आले' या कथेवरील हा चित्रपट मे 2021 मध्ये, भावे यांच्या निधनानंतर महिन्याभराने, प्रदर्शित झाला. रूपांतर मूळ संहितेशी किती प्रामाणिक, हा आपला ठरीव प्रश्न येथे तोकडा पडतो. मुलगा गमावलेला वारकरी रामजी अडलेल्या गाईला सोडवायला जातो. त्याच्या मनात काय उजळले हे मोकाशी निवेदनातून सुचवू शकतात. कॅमेऱ्याला ती सोय नाही. त्याच्याजवळ असतात ते पाऊस, गोठ्यातला अंधूक उजेड आणि किशोर कदम यांचे हात. विठ्ठलाविषयी इतकी वर्षे ऐकलेले सारे शब्द ज्याला अपुरे पडले आहेत, तो माणूस या वेळी हातांनी काम करतो, आणि कॅमेरा घाई न करता तिथेच थांबतो. यात 'समस्या' कोणती, हे सांगणारी प्रबंधिका अद्याप माझ्या वाचनात आलेली नाही.