न्हाणीची जमीन

गणपती गेले की फोन सुरू होतात. "दिवाळीच्या आत बाथरूम करून द्या." टाइल पसंत करून झालेल्या असतात, शॉवर कुठला ते ठरलेलं असतं, पाहुणे कधी येणार तेही. दिवसांचा हिशेब मात्र कुणी केलेला नसतो. फोडायला दोन दिवस लागतात, टाइल बसवायला तीन-चार. मधल्या दिवसांत बाथरूममध्ये डोकावलं तर काहीच चाललेलं दिसत नाही. जलरोधक लेप सुकत असतो, कोबा पाणी पीत असतो, दाराशी विटांचा बांध घालून साठवलेलं पाणी नुसतं उभं असतं. घाई झाली की हेच दिवस कापले जातात, आणि बाथरूम गळणार की नाही ते नेमकं याच दिवसांत ठरतं. म्हणून मी सरळ सांगतो, यंदाचं अभ्यंगस्नान जुन्याच फरशीवर करा, आपण तुळशीचं लग्न लागल्यावर हातोडा घालू.

गळतीचं मूळ आपल्या न्हाणीच्या रचनेतच आहे. मुंबईच्या बीडीडी चाळींत १६० चौरस फुटांच्या खोलीत कोपऱ्यात मोरी असे आणि संडास मजल्यावर सामाईक. मोरीचं पाणी जवळच्या वाटेने बाहेर पडायचं. काही बिघडलं तर ते डोळ्यांसमोर यायचं. फ्लॅट आले तसे न्हाणी आणि संडास दोन्ही घराच्या पोटात आले. बसायच्या भारतीय भांड्याला आणि त्याखालच्या ट्रॅपला खोली लागते, म्हणून बाथरूमपुरता स्लॅब फूट-सव्वा फूट खाली सोडायची पद्धत पडली. हाच सनकन स्लॅब. म्हणजे प्रत्येक बाथरूमखाली काँक्रीटचा एक हौद असतो. त्यात पाइप टाकतात, उरलेली जागा विटांच्या तुकड्यांनी आणि मालाने भरतात आणि वर फरशी करतात.

टाइलमधून पाणी फारसं जात नाही, पण टाइलच्या सांध्यांतून जातं. पांढरं सिमेंट भरलेले सांधे दोन-चार वर्षांत भुसभुशीत होतात. रोजच्या आंघोळीचं थोडं थोडं पाणी त्या हौदात उतरत राहतं. विटांचे तुकडे ते धरून ठेवतात. हौदाच्या तळाला वाट नसेल तर ते पाणी स्लॅबमधून वाट शोधतं आणि खालच्यांच्या छतावर आधी पिवळट डाग उमटतो, मग पांढरा लोणा फुटतो. पुढचा टप्पा गंभीर आहे. काँक्रीटमधल्या सळईला सिमेंटचा अल्कधर्मी गुण गंजण्यापासून वाचवत असतो. वर्षानुवर्षं ओल आणि हवा मिळत राहिली की ते कवच संपतं. गंज मूळ लोखंडाच्या दुपटीहून जास्त जागा घेतो आणि खालचा काँक्रीटचा थर फोडून काढतो. अशा छताला खालून ओल-रोधक रंग लावून घेणाऱ्यांना मी नेहमी अडवतो. रंगाने डाग झाकला जातो आणि सळई आत गंजतच राहते.

फोडण्याआधी रोग ओळखायला हवा, कारण प्रत्येक गळतीला अख्खं बाथरूम उखडावं लागत नाही. खाली दिवसरात्र एकाच गतीने ठिपकत असेल, तर संशय दाबाच्या पाइपवर. बाथरूमचा कॉक रात्रभर बंद ठेवायचा. सकाळी ठिपकणं मंदावलं किंवा थांबलं असेल तर जमिनीला दोष देऊ नये. आंघोळीनंतर तासाभरात ओल वाढत असेल, तर जमीन, सांधे किंवा सांडपाण्याची लाइन. मग जमिनीतल्या नहाणी ट्रॅपचं तोंड बोळ्याने घट्ट बंद करायचं, जमिनीवर इंचभर रंगीत पाणी भरायचं आणि खाली वाट पाहायची. पाणी उतरलं तर दोष जमिनीत किंवा तिच्या कडांना. नाही उतरलं, तर बोळा काढून तेच पाणी ट्रॅपमध्ये सोडायचं. आता खाली रंग दिसला तर ट्रॅप किंवा त्यापुढचा पाइप. एवढी तपासणी करायला एक सुट्टीचा दिवस पुरतो, आणि तिच्यामुळे पुष्कळ घरांचा खर्च वाचतो.

जुन्या इमारतीत बहुतेक वेळा दोष ट्रॅपच्या गळ्याशीच सापडतो. वरची फरशी निघाली की कोबा बाकी ठिकाणी करडा असतो आणि ट्रॅपभोवती हातभर काळा, ओल्या वाळूसारखा. बोटाने उकरला जातो, वास येतो. त्याखाली बिडाचा पाइप असतो. पूर्वी बिडाच्या पाइपांचे सांधे शिसं ओतून, ठोकून पक्के करत. त्यांतले पुष्कळ आजही शाबूत आहेत. पुढे कुणीतरी वरचा ट्रॅप बदलताना त्या बिडाच्या तोंडात पीव्हीसी नुसता खोचून भोवती सिमेंट थापलेलं असतं. पीव्हीसी उष्णतेने बिडापेक्षा कितीतरी जास्त फुगतो आणि आकसतो. गरम पाण्याच्या रोजच्या आंघोळीने ते सिमेंट केसभर सुटतं, आणि केसभर फट पुरेशी असते. तिथे योग्य रबरी कपलिंग घालायचं आणि पाइप स्लॅबमधून जातो त्या भोकाभोवती आकसत नाही असा ग्राउट भरायचा. साधा माल तिथे चालत नाही.

फोडकाम झालं की स्लॅब तारेच्या ब्रशने घासून पूर्ण स्वच्छ करायचा. भिंत आणि जमीन मिळते तिथे मालाचा गोलसर वाटा काढायचा, कारण काटकोनात लेप आधी चिरतो. मग पॉलिमर-सिमेंटच्या लेपाचे दोन हात, दुसरा पहिल्याला आडवा, आणि वाट्यावर व पाइपांभोवती मध्ये फायबरची जाळी. शॉवरच्या भिंतीवर लेप सहा फुटांपर्यंत न्यायचा, इतरत्र फूटभर. हौदाच्या तळाशी, सगळ्यांत खालच्या कोपऱ्यातून एक छोटा पाइप बाहेर डक्टमध्ये काढायचा. उद्या पाणी आत शिरलंच तर ते खालच्यांच्या छताऐवजी डक्टमध्ये ठिपकताना दिसेल. हा पाइप स्वस्त आहे, तरी नव्या कामांतही तो वारंवार वगळला जातो, याचं मला फार वाईट वाटतं.

लेप सुकला की पाणी भरायचं आणि भिंतीवर पेन्सिलने पातळीची खूण करायची. किमान ४८ तास. पातळी दोन-चार मिलिमीटर उतरते, ती वाफेने. त्याहून जास्त उतरली तर खाली डाग दिसो न दिसो, पाणी कुठेतरी गेलेलं आहे. या दोन दिवसांत खालच्यांकडे जाऊन, टॉर्च मारून, छत हाताने चाचपून पाहायचं. त्यांना आधी सांगून ठेवलं की कटुताही राहत नाही. सोसायटीच्या आदर्श उपविधींत बाहेरच्या सामाईक लाइनची गळती सोसायटीच्या खर्चाची आणि फ्लॅटच्या आतली सभासदाची, असं आहे. त्यामुळे ही चाचणी पुढचे वादही मिटवते.

भरावात विटांऐवजी एएसी ब्लॉकचे तुकडे घालावेत; वजन निम्म्याहूनही कमी भरतं. त्यावरच्या कोब्यातच उतार काढायचा, ८० ला १, म्हणजे चार फुटांत १५ मिलिमीटर. उतार कोब्यात नसेल आणि गवंडी टाइलखाली माल कमीजास्त करून तो काढत असेल, तर वरचं पाणी ट्रॅपकडे जातं पण टाइलखाली झिरपलेलं तिथेच साचतं. शॉवरच्या कोपऱ्यात दोन बाय दोनची मोठी टाइल मागणाऱ्यांना मी लहान टाइल घ्यायला सांगतो. चारही बाजूंनी ट्रॅपकडे वळणारा उतार मोठ्या टाइलला झेपत नाही, तिला तिरपं कापावं लागतं.

हल्ली लंडनहून परतलेली मंडळी शॉवर ट्रे मागतात. तिकडे घरांच्या वरच्या मजल्यांच्या जमिनी बऱ्याचदा लाकडी तुळयांवरच्या असतात, त्यामुळे पाणी झेलायला तयार ट्रे सोयीचा. आपल्याकडेही तो बसवता येतो, पण त्याच्या पोटाखाली सगळीकडे माल भरलेला हवा. नुसत्या चार ठिगळांवर ठेवला तर उभं राहिल्यावर तो लवतो आणि भिंतीशी लावलेला सिलिकॉन सुटतो. भिंतीचा लेप ट्रेच्या कडेच्या मागे उतरलेला हवा आणि टाइल कडेच्या वर यायला हवी, उलट नाही. आणि ट्रेचा ट्रॅप वरून हात घालून साफ करता येणाराच घ्यावा. बादली आपटत, कपडे धोपटत जिथे न्हाणी वापरली जाते, तिथे ॲक्रिलिकचा ट्रे मी सुचवत नाही. नीट उताराची कोटा किंवा खडबडीत टाइलची जमीन तिथे जास्त टिकते.

टाइल चढण्याआधी प्रत्येक भिंतीचा आणि जमिनीचा टेप धरून फोटो काढून ठेवा. पुढे कुणी आरशासाठी भोक पाडेल तेव्हा आतला पाइप कुठे आहे ते कळेल.

दिवाळीपुरतं एक सांगायचं राहिलं. नहाणी ट्रॅपमध्ये ५० मिलिमीटर पाणी कायम उभं असतं. तेच गटाराचा वास आणि झुरळं वर येऊ देत नाही. अभ्यंगाचं तेल आणि उटण्याचा चोथा याच पाण्यात मिसळून घट्ट गाळ होतो. उकळतं पाणी ओतू नका. तेल पुढे जाऊन गार होऊन थिजतं आणि पीव्हीसीही मऊ पडतो. पाडव्यानंतर जाळी काढा, आतला कप उचलून भांड्यांच्या साबणाने घासा, आणि परत बसवताना रबरी रिंग खाचेत नीट बसली आहे ना, ते बोटाने चाचपून पाहा.