श्रेयनामावलीबाहेरचा संगीतकार

१९३४ साली दोन माणसे मुंबईत आली आणि दोघांचाही संबंध दिग्दर्शक मोहन भवनानी यांच्याशी आला. पहिले प्रेमचंद. ‘मजदूर’ची कथा त्यांची. बोलपटाच्या धंद्याला विटून ते १९३५ मध्ये बनारसला परतले, हे साहित्याच्या विद्यार्थ्याला ठाऊक असते. कारण आपला भ्रमनिरास त्यांनी पत्रांतून लिहून ठेवला आहे. दुसरा होता वॉल्टर कॉफमन. त्याचे नाव आमच्या वर्गात आजवर एकाही विद्यार्थ्याला माहीत असल्याचे आढळले नाही, आणि त्यात विद्यार्थ्यांचा दोष आहे असे आम्हांस वाटत नाही.

कॉफमनचा जन्म १९०७ चा, बोहेमियातील कार्ल्सबादचा. बर्लिनमध्ये फ्रान्झ श्रेकर याच्याकडे तो रचनाशास्त्र शिकला, उफा या चित्रसंस्थेत त्याने काही काळ काम केले. प्रागच्या जर्मन विद्यापीठात पीएच.डी.चे काम पुरे होत आले असता आपले मार्गदर्शक नाझी संघटनेत आहेत हे कळताच त्याने ती पदवी घेण्याचे नाकारले, असे त्याचे चरित्रकार सांगतात. मार्गदर्शकाशी जमवून घेण्याची कला ज्यांना अवगत आहे अशा आमच्या व्यवसायबंधूंनी हा तपशील जरा थांबून वाचावा. ज्यू असलेल्या या तरुणाने हिटलरच्या युरोपातून निघताना मुंबई निवडली, त्यामागे भवनानींची ओळख होती. तेही जर्मनीत चित्रपटतंत्र शिकून आलेले. थोड्या दिवसांसाठी आलेला कॉफमन बारा वर्षे राहिला.

भवनानींच्या चित्रपटांसाठी आणि पुढे ‘इन्फर्मेशन फिल्म्स ऑफ इंडिया’च्या माहितीपटांसाठी त्याने संगीत दिले. मग तो विस्मृतीत का गेला? आमच्या मते, याचे उत्तर आपल्या बोलपटाच्या घडणीत आहे. १९३१ च्या ‘आलम आरा’पासून आपल्याकडे ‘संगीत दिग्दर्शक’ म्हणजे गाण्यांना चाली लावणारा, अशी व्याख्या रूढ झाली; संगीत नाटकावर पोसलेल्या प्रेक्षकाला दुसरी व्याख्या नकोच होती. प्रसंगामागे वाजणाऱ्या वाद्यसंगीताला कर्ता असतो, हीच कल्पना रुजली नव्हती. १९४० च्या ‘प्रेमनगर’मध्ये भवनानींनीच नौशाद यांना स्वतंत्रपणे संगीत देण्याची पहिली संधी दिली आणि ते नाव अजरामर झाले. गाणे लोकांच्या ओठांवर राहते. पार्श्वसंगीत चित्रफितीबरोबर कुजते.

त्या काळच्या मुंबईतला एक विरोधाभास तर कादंबरीकाराला सुचू नये असा आहे. मालाडला ‘बॉम्बे टॉकीज’मध्ये फ्रान्झ ऑस्टेन हा नाझी पक्षाचा सदस्य असलेला जर्मन दिग्दर्शक ‘अछूत कन्या’सारखे चित्रपट करीत होता, आणि त्याच शहरात हिटलरमुळे देशोधडीला लागलेला कॉफमन काम करीत होता. १९३९ मध्ये युद्ध सुरू होताच इंग्रजांनी ऑस्टेनला शत्रुराष्ट्राचा नागरिक म्हणून स्थानबद्ध केले. त्याच वर्षी कॉफमनने खटपट करून आपला मित्र, ‘दी लिटरारिशे वेल्ट’ या बर्लिनच्या साप्ताहिकाचा संपादक विली हास याला मुंबईत आणवले. हासने भवनानींसाठी पटकथा लिहिल्या.

भारतीय संगीताच्या ध्वनिमुद्रिका प्रथम ऐकल्या तेव्हा कॉफमनला त्यातले काहीच कळले नव्हते. लाखो लोकांना जे प्रिय आहे ते आपल्याला कळत नसेल तर उणीव आपलीच, असे मानून तो शिकायला बसला. १९३७ पासून तो मुंबई आकाशवाणीवर पाश्चात्त्य संगीताचा प्रमुख होता. आकाशवाणीची सुपरिचित संकेतधून त्याची मानली जाते. तिच्या श्रेयाविषयी मतभेद आहेत, पण धून ऐकताना ती त्याचीच असावी असे आम्हांस वाटते. शिवरंजनी म्हणजे कोमल गंधाराचा भूप. त्यात मध्यम नाही, निषाद नाही. निषादच नसल्याने पंचमावर उभा राहून षड्जाकडे ओढ लावणारा पाश्चात्त्य स्वरमेळ येथे बांधताच येत नाही. युरोपीय रचनाकाराचे हातचे हत्यारच जणू काढून घेतलेले. या धुनेत स्थिर आधारस्वरावर व्हायोलिन एकटे चालते, आणि मेळाचा हट्ट कुठेही नाही. शिकलेला माणूस काय टाळतो यावरून त्याचे शिक्षण कळते.

१९४६ मध्ये तो इंग्लंडला गेला, तेथून कॅनडात. विनिपेगच्या वाद्यवृंदाचे त्याने काही वर्षे संचालन केले, आणि अखेर अमेरिकेत इंडियाना विद्यापीठात अध्यापक झाला. उत्तर हिंदुस्थानी रागांवरचा त्याचा जाडजूड ग्रंथ १९६८ चा, दाक्षिणात्य रागांवरचा १९७६ चा. १९८४ मध्ये तो वारला. संगीतशास्त्राचे अभ्यासक हे ग्रंथ चाळतात, पण त्यांचा कर्ता एकेकाळी मुंबईच्या बोलपटांच्या दुनियेत वावरत होता याचे स्मरण फारसे कोणाला नसते.

त्याच्या मुंबईत लिहिलेल्या काही रचना एका कॅनेडियन वाद्यसमूहाने मुद्रित केल्या, त्या २०२० मध्ये प्रसिद्ध झाल्या. त्यांतले तंतुवाद्यांचे अकरावे चतुष्टक ऐकावे. चार वाद्ये एकमेकांची वाट अडवत नाहीत; आलापाला जागा सोडून बाजूला सरतात.