दोन चंद्रांची बाकी

काल्पनिक जगाच्या आकाशात दोन चंद्र टांगायला फारसे कष्ट पडत नाहीत. त्या जगातल्या माणसाला आज तिथी कोणती असं विचारलं, की खरं काम सुरू होतं. इथे बहुतेक लेखक सोयीचे आकडे घेतात. थोरल्या चंद्राचा महिना ३० दिवसांचा, धाकट्याचा १५ आणि वर्ष ३६० दिवसांचं धरलं की सगळ्याला सगळ्याने निःशेष भाग जातो आणि दिनदर्शिका तासाभरात तयार होते. अशा दिनदर्शिकेत मला कुणी राहत असेल असं वाटत नाही. कालगणनेच्या नावाखाली माणसांनी जे काही उभं केलंय, ते बहुतेक सगळं भागाकारात बाकी उरली म्हणून. बाकी शून्य ठेवली तर सण, वाद, पुरोहित आणि पंचांगकर्ते, सगळ्यांनाच रजा द्यावी लागेल.

आपल्याच एका चंद्राचं उदाहरण घेऊ. एका अमावास्येपासून दुसरीपर्यंत सरासरी २९.५३ दिवस जातात. असे १२ महिने म्हणजे ३५४ दिवस आणि वर थोडे तास. ऋतूंचं वर्ष मात्र ३६५ दिवसांहून किंचित मोठं. दर वर्षी उरणाऱ्या या सुमारे ११ दिवसांचं काय करायचं, याची तीन उत्तरं आज एकाच गल्लीत नांदतात. हिजरी गणनेने ते दिवस सोडून दिले, म्हणून रमजान साधारण ३३ वर्षांत सगळ्या ऋतूंमधून फिरून येतो. आपल्या पंचांगाने ते साठवले आणि पावणेतीन वर्षांच्या आसपास अधिक महिना काढला. ग्रेगोरियन दिनदर्शिकेने महिने ठेवले आणि चंद्रालाच हिशोबातून वगळलं. आकाश तिघांचं एकच, गणितही तेच. निवड मात्र माणसांची. निवड आली की ती करणाराही येतो. प्राचीन रोममध्ये जादा महिना घालायचा अधिकार पुरोहितमंडळाकडे होता, आणि मर्जीतल्या माणसांची मुदत लांबवण्यासाठी तो वापरला जाई असा आरोप जुन्या लेखकांनीच केला आहे. साचलेला घोळ निस्तरताना ज्युलियस सीझरला इसवी सनापूर्वी ४६ हे वर्ष ४४५ दिवसांचं करावं लागलं. इतकं लांब कशाला जा? टिळक पंचांग मानणाऱ्या घरांत काही वर्षी गणपती महिनाभर आधी येतात, कारण अधिक महिना कुठे धरायचा यावर पंचांगांचं एकमत होत नाही. एका चंद्राने एवढं होतं.

आता मुद्दाम अवघड आकडे घेऊन दोन चंद्र मांडून पाहू. वर्ष ३९१ दिवसांचं, थोरल्याच्या कला ३४.२ दिवसांत फिरतात, धाकट्याच्या १३.४ दिवसांत. थोरल्याचे नऊ महिने ३०७.८ दिवसांचे आणि धाकट्याचे तेवीस ३०८.२ दिवसांचे. म्हणजे एकदा दोघांची पौर्णिमा एका रात्री आली, की नऊ थोरल्या महिन्यांनी ती जवळजवळ पुन्हा जुळते. फरक ०.४ दिवसाचा. तीन खेपांनंतर तो १.२ दिवसांवर जातो आणि थोरला भरलेला असताना धाकटा उघड उघड अपुरा दिसतो. पण चौथ्या खेपेला नवाऐवजी अकरा महिने थांबलं, तर फरक पुन्हा ०.२ वर येतो. हे अकरा महिने मी योजलेले नव्हते, ते बाकीतून निघाले. आणि निघाल्याबरोबर त्यांनी माणसं मागितली. जोडपौर्णिमा नऊ महिन्यांनी की अकरा, हे जाहीर कोण करणार? समजा, मंदिर. कर्जाची मुदत जोडपौर्णिमेपर्यंत असेल, तर 'अकरा' या एका शब्दाने ऋणकोवर ६८ दिवसांचं व्याज चढतं. किनाऱ्यावरच्या मिठागरवाल्यांना मात्र ही घोषणा काहीच उपयोगाची नाही. दोन्ही चंद्र आणि सूर्य एका ओळीत आले की मोठं उधाण येणारच, मग मंदिराने काहीही ठरवलेलं असो. जोडअमावास्येलाही तसंच उधाण येतं, म्हणून ते दोन्ही मोजतात. एवढ्याने देवळाची आणि किनाऱ्याची गणना वेगळी झाली.

यावर पहिला आक्षेप खगोलाचा. निसर्गातही चंद्रांचे नेटके मेळ असतात; गुरूचे आयो, युरोपा आणि गॅनिमिड १.७७, ३.५५ आणि ७.१५ दिवसांत फेरी पुरी करतात, म्हणजे जवळपास १:२:४. खरं आहे, आणि हा मेळ घेऊन जग रचायला माझी हरकत नाही. पण तो चंद्रांचा आपसातला मेळ झाला. त्या जगाचा दिवस आणि वर्ष त्या करारात नसतात, त्यामुळे तिथे बाकी उरतेच. शिवाय याच मेळामुळे ते तिघे गुरूच्या एका बाजूला एकाच ओळीत कधीच येत नाहीत. गुरूवरून पाहणारा कुणी असता तर त्याला तिघांची पौर्णिमा एकदम कधीच दिसली नसती. जी रात्र येणं शक्यच नाही तिच्यावर एखादा धर्म उभा राहील, आणि हे मला तिहेरी पौर्णिमेच्या उत्सवापेक्षा किती तरी पटीने समृद्ध वाटतं.

दुसरा आक्षेप अधिक रास्त आहे: वाचक आकडेमोड करत बसत नाही. नाहीच करत, आणि त्याला करायला लावूही नये. वरचा एकही दशांश कथेत येता कामा नये. कथेत यावा तो व्याजासाठी दार ठोठावणारा सावकार. तो कधी ठोठावेल हे लेखकाला नेमकं ठाऊक असलं, की दहाव्या प्रकरणातला उत्सव तिसऱ्या प्रकरणातल्या उधाणाशी आपोआप जुळतो.

मग एवढ्या गणना एकाच समाजाला झेपतील का? बालीत २१० दिवसांचं पावुकोन चक्र आणि चांद्र-सौर वर्ष शेजारी शेजारी चालतात, आणि पावुकोनच्या आत एक ते दहा दिवसांचे दहा निरनिराळे आठवडे एकाच वेळी फिरत असतात. जावात पाच दिवसांचा बाजाराचा आठवडा सात दिवसांच्या आठवड्यासोबत चालतो आणि दोघांची जोडी दर ३५ दिवसांनी पुन्हा जुळते. प्रत्येक माणूस सगळं ध्यानात ठेवत नाही. ज्याचं ज्याच्याशी काम, तेवढं तो मोजतो. म्हणून माझ्या जगात मिठागरवाला धाकट्याच्या कला बोटांवर मोजतो आणि सारावसुलीचा कारकून त्याला साक्षीला बोलावतो, तेव्हा दोघांच्या तारखा जुळत नाहीत. महिन्यांची नावं मी अजून ठेवलेली नाहीत. ती यांच्यापैकी कुणाच्या तोंडची असावीत, हे आधी ठरायला हवं.