एका नावाचा अपभ्रंश

आमच्या चाळीचे आयुष्य आता संपत आले आहे. करी रोड स्टेशनाच्या पुलावरून लालबागकडे उतरताना ज्या चार-दोन जुन्या इमारती अद्यापि उभ्या दिसतात, त्यांपैकी ती एक. तिच्या जागी बहुमजली इमारत होणार आणि प्रत्येक भाडेकरूस तीत घर मिळणार. मात्र भाडेकरू कोण, हे कागदाने सिद्ध झाले पाहिजे. त्यामुळे गेले सहा महिने चाळीत कागदांखेरीज दुसरा विषय नाही. ट्रंकांच्या तळाशी, देव्हाऱ्यामागे, धान्याच्या डब्यांत जपून ठेवलेल्या भाडेपावत्या बाहेर येत आहेत आणि त्यांबरोबर मेलेल्या माणसांची नावेही.

याच धामधुमीत एके सायंकाळी तिसऱ्या मजल्यावरील नर्सबाईंची भाची आमच्याकडे आली. तीही आता साठीच्या घरात आहे. तिने आमच्यापुढे तीन कागद मांडले. पहिला बाप्तिस्म्याचा दाखला. त्यावर नाव कॉर्नेलिया. दुसरे शिधापत्रक, त्यावर कर्णाबाई. तिसरी १९६१ सालची भाडेपावती. तीवर घरमालकाच्या मेहताजींच्या गुजराती अक्षरात करणीबाई. "काका," ती म्हणाली, "या तिघी एकच, असे तुम्ही प्रतिज्ञेवर लिहून द्या. मावशीला तेव्हापासून ओळखणारे तुमच्यावाचून आता कोणी उरले नाही."

आम्ही चष्मा पुसण्याच्या निमित्ताने मान खाली घातली. करणी या शब्दाचा अर्थ महाराष्ट्रीय वाचकांस सांगण्याची जरुरी नाही. आणि तो शब्द त्या पावतीपर्यंत कसा पोहोचला, हे सांगू शकणारेही खरोखरीच आमच्यावाचून कोणी उरलेले नाही.

नर्सबाई परळच्या एका इस्पितळात प्रसूतिविभागात कामास होत्या. त्यांचे घराणे नाशिकच्या शरणपूरचे, मराठी ख्रिस्ती. बोलणे आमच्या आईपेक्षा शुद्ध. पांढरे पातळ, काळी छत्री आणि चामड्याची लहानशी बॅग घेऊन त्या जिना चढू लागल्या, की सकाळची पाळी सुटून गिरणीचा भोंगा वाजल्याचे आम्हां मुलांस निराळे सांगावे लागत नसे. दोन्ही एकाच वेळी होत. आमच्या धाकट्या बहिणीस त्यांनीच या जगात आणले. जुलै महिना होता, रुळांवर पाणी चढून गाड्या बंद पडल्या होत्या आणि आईस इस्पितळात नेण्यास वाहन मिळेना. बाईंनी स्वयंपाकाच्या ओट्यावर पाणी उकळले, आम्हां सर्व पुरुषमंडळींस गॅलरीत घालवले आणि पहाटे दार उघडून "मुलगी आहे, आवाज चांगला आहे" एवढेच सांगितले. पैसे त्यांनी घेतले नाहीत. खणानारळ मात्र पदरात घेतला. तो नाकारून आईस दुखवावे, इतका कोरडा त्यांचा धर्म नव्हता. नाताळात त्यांच्या घरून करंज्या येत आणि आमच्या दिवाळीच्या करंज्यांहून त्या खुसखुशीत असत, हे आईस मान्य करावे लागे.

परंतु त्यांचे नाव चाळीस पेलवले नाही. परकी नावे आपल्या तोंडाच्या मापाने कातरून घेण्याची सवय या भागास जुनीच आहे. आमचे स्टेशनच पाहा. हे नाव चार्ल्स करी या इंग्रज रेल्वे-अधिकाऱ्याचे. आणि गंमत अशी, की हा गृहस्थ बाँबे, बडोदा अँड सेंट्रल इंडिया रेल्वेचा, तर स्टेशन तिच्या प्रतिस्पर्धी जी. आय. पी. रेल्वेच्या मार्गावर. आमच्या शाळेतील संस्कृतच्या शास्त्रीबुवांना हे ठाऊक नव्हते, किंवा ठाऊक असून मान्य नव्हते. करी म्हणजे हत्ती, आणि लालबागेत गजवदनाचे एवढे माहात्म्य असता स्टेशनास दुसरे कोणते नाव शोभले असते, असे ते गंभीरपणे विचारीत. २०२४ साली या स्टेशनाचे नाव लालबाग करावे, असा ठराव राज्याच्या विधिमंडळाने संमत केला, तेव्हा आम्हांस करीसाहेबापेक्षा त्या शास्त्रीबुवांचीच अधिक आठवण झाली.

असो. कॉर्नेलियाचे प्रथम कर्नेली झाले, मग कर्णाबाई. या रूपात निदान दानशूर कर्णाचा वास होता आणि बाईंनाही ते गोड वाटत असे. पुढे एका पावसाळ्यात चाळीतील दोन तान्ही मुले हगवणीने दगावली. दोन्ही बाळंतपणे बाईंनी केलेली. पाण्याच्या टाकीत काय पडले होते याचा शोध कोणी केला नाही. परंतु नळावरच्या कुजबुजीत कर्णाबाईची करणीबाई होण्यास आठ दिवसही लागले नाहीत. मराठीत एका इकाराने केवढा अनर्थ होतो! मोठी माणसे पाठीमागे बोलत, आम्ही मुले जिन्यावरून ओरडत असू.

येथे एक गोष्ट कबूल केली पाहिजे. आम्हांस ते नाव नीट उच्चारता येत होते. बाईंनी एके दुपारी आम्हां चार-पाच मुलांस उंबऱ्यावर बसवून ते शिकवले होते. कॉर्-ने-लि-या, असे एकेक अक्षर सुटे करून, पाढ्यासारखे. पाठ झाल्यावर प्रत्येकास एकेक पेपरमिंट मिळाले होते.

त्याच वर्षी घरमालकाचे नवे मेहताजी नवी वही घेऊन आले. बाई कामावर होत्या, दारास कुलूप. "ह्या खोलीत कोण राहते?" असे त्यांनी जिन्यात उभ्या असलेल्या पोरांस विचारले. सोबती ऐकत होते, त्यांना हसवण्याची आम्हांस हौस होती, आम्ही म्हणालो, "करणीबाई." मेहताजींना त्या शब्दाचा मराठी अर्थ ठाऊक असण्याचे कारण नव्हते. त्यांनी कानावरची लेखणी काढून तो गंभीरपणे लिहून घेतला. मग दर महिन्यास, वर्षानुवर्षे, बाई पैसे मोजून देत आणि ती शिवी पावती म्हणून परत घेत. पहिली पावती मिळाली त्या सायंकाळी त्या आमच्या घरी आल्या होत्या. "वहिनी, हे नाव मेहताजींना कोणी हो सांगितले असेल?" आईने माहीत नसल्याचे सांगितले, आणि तिला खरोखरीच माहीत नव्हते. आम्ही दाराआड भूगोलाचे पुस्तक धरून बसलो होतो.

भाची कागद ठेवून गेल्यावर आम्ही या नावाच्या मागे लागलो. दहाव्या वर्षी जे विचारावयाचे ते पंच्याहत्तरीच्या उंबरठ्यावर विचारले, इतकेच.

रोमन लोक जगाचे स्वामी झाले, तरी मुलींस नावे देण्याच्या बाबतीत विलक्षण कृपण होते. मुलीस स्वतःचे असे नाव बहुधा नसेच. कुळाचे नाव कॉर्नेलियस, तर त्या कुळात जन्मलेली प्रत्येक मुलगी कॉर्नेलिया. दोन झाल्या तर एक थोरली, एक धाकटी. अधिक झाल्या तर तिसरी, चौथी. लॅटिनमध्ये कोर्नू म्हणजे शिंग. कुळाचे नाव त्यावरून पडले असावे असा सामान्य तर्क आहे, आणि आपला शृंग हा शब्दही त्याच प्राचीन धातूच्या गोतावळ्यातला. हे वाचून रोमनांस हसण्याची आम्हांस क्षणभर इच्छा झाली, पण लग्नाच्या दिवशी ताटातल्या तांदळांवर अंगठीने नवे नाव लिहून मुलीचे जुने नाव पुसून टाकणाऱ्या समाजाने फार हसू नये. आमच्या आईचे माहेरचे नाव आम्हांस तिच्या मृत्यूनंतर कळले.

या कुळातली जी कॉर्नेलिया इतिहासात राहिली, ती हॅनिबलास जिंकणाऱ्या सिपिओ आफ्रिकानसची धाकटी मुलगी. थोरलीही कॉर्नेलियाच. हिला बारा मुले झाली; त्यांतली तीन वाचली. पती निवर्तल्यावर ईजिप्तच्या टॉलेमी राजाने घातलेली मागणी तिने नाकारली आणि मुलांच्या शिक्षणास स्वतःस वाहून घेतले. एका बाईने आपले दागिने दाखवले, तेव्हा हिने शाळेतून परतलेल्या मुलांकडे बोट करून हे माझे अलंकार म्हटले, ही वालेरियस माक्सिमसने सांगितलेली कथा पुष्कळांस ठाऊक असेल. आम्हांस त्याहून प्लूटार्कने टिपलेली एक गोष्ट अधिक लक्षात राहिली. ती मुलांस टोचून म्हणे, की लोक मला अजून सिपिओची सासू म्हणतात, ग्राकसांची आई केव्हा म्हणतील? म्हणजे जिला स्वतःचे नाव नव्हते, तिने निदान कोणाच्या नावाने ओळखले जावे एवढी निवड आपल्या हाती ठेवली. मुलांनी तिची इच्छा पुरी केली, पण भयंकर किमतीने. गरिबांस जमीन वाटू पाहणारा टायबीरियस इ. स. पू. १३३ मध्ये आणि गायस १२१ मध्ये, दोघेही दंगलीत प्राणास मुकले. तिच्या पुतळ्याची कोरीव बैठक १८७८ साली रोममध्ये सापडली. तीवर आफ्रिकानसची कन्या आणि ग्राकसांची माता, दोन्ही आहे.

हीच कथा नर्सबाईंनी एकदा आमच्या आईस सांगितली होती. सांगून त्या हसल्या आणि म्हणाल्या, "त्या बाईला बारा झाली वहिनी, मी बाराशे ओढून काढली!" बाई अविवाहित होत्या.

नाव कुलीनांपुरते राहिले नाही, हेही सांगितले पाहिजे. सुल्ला हा सर्वाधिकारी याच कुळातला. त्याने दहा हजारांवर गुलाम मुक्त केले, आणि मुक्त झालेला गुलाम धन्याचे कुलनाम घेई, त्यामुळे रोमच्या गल्ल्यांत एकाएकी हजारो कॉर्नेलियस झाले. पुढे बायबलातील प्रेषितांच्या कृत्यांत पेत्राकडून बाप्तिस्मा घेणारा परराष्ट्रीय शतपती कॉर्नेलियसच निघाला, आणि नाव ख्रिस्ती घरांत रुजले.

नाशकात ते आले एका निराळ्या वाटेने. फ्रान्सिस फोर्ड आणि त्यांची पत्नी कॉर्नेलिया या इंग्रज दांपत्याने एका हिंदी मुलीस वाढवले. तिचे नाव फ्रान्सिना. फ्रान्सिनेने पारशी धर्मातून ख्रिस्ती झालेल्या रेव्हरंड सोराबजी खर्सेटजींशी विवाह केला, पुण्यास शाळा काढल्या, आणि १५ नोव्हेंबर १८६६ रोजी नाशकात झालेल्या मुलीस पालक आईचे नाव दिले. हीच कॉर्नेलिया सोराबजी. डेक्कन कॉलेजात शिकून मुंबई विश्वविद्यालयाची पदवी मिळवणारी ही पहिली स्त्री. विलायतेस जाण्याची सरकारी शिष्यवृत्ती स्त्री म्हणून तिला नाकारली गेली, तेव्हा तिकडच्या काही मंडळींनी वर्गणी केली. त्यांत फ्लॉरेन्स नाइटिंगेलही होत्या. १८९२ साली तिने ऑक्सफर्डात कायद्याची परीक्षा दिली. पदवी मात्र स्त्रियांस ती देण्याचा नियम झाल्यावर, १९२२ साली हाती पडली. तीस वर्षे! मधल्या काळात, १९०४ पासून, ती बंगालच्या कोर्ट ऑफ वॉर्ड्समध्ये पडदानशीन विधवांची कामे पाहत होती. या बायांच्या नावे जमिनी असत, पण वकिलापुढे येण्याची मुभा नसे; मुनीम-कारभारी कागदावर काय लिहितात ते त्यांस कळत नसे. गांधीजींच्या चळवळीस तिने विरोध केला. तेथे आमचे तिच्याशी जमणार नाही. पण तेवढ्यासाठी नाशिककरांनी आपल्या गावच्या या मुलीस विसरावे, हेही आम्हांस पटत नाही. आपले नाव तिच्यावरून ठेवले, असे नर्सबाई सांगत.

मागच्या आठवड्यात आम्ही भाचीबरोबर वकिलाच्या कचेरीत गेलो. मसुदा तयार होता. तिसरे नाव वगळता येईल का, असे आम्ही विचारले. वकिलांचा कारकून म्हणाला, "आजोबा, पावती त्याच नावाची आहे. ते वगळले तर खोलीच वगळली जाईल. अक्षरशः तसेच लिहा." भाची म्हणाली, "लिहा काका. मावशीला ते नाव पाठ होते."

तेव्हा आम्ही लिहिले: कॉर्नेलिया ऊर्फ कर्णाबाई ऊर्फ करणीबाई. खाली एक ओळ स्वतःहून जोडली, की शेवटचे नाव १९६१ साली मेहताजींना प्रतिज्ञा करणाऱ्यानेच थट्टेने सांगितले, ते बाईंचे कधीच नव्हते. कारकुनाने वाचले, "हे अप्रस्तुत आहे" म्हणून तीवर रेघ मारली आणि खाडाखोडीपाशी आमची आद्याक्षरे घेतली.

कागद भाचीच्या हातून कारकुनाकडे गेला होता, म्हणजे ती ओळ तिने वाचली होती. ती काही बोलली नाही. परतताना स्टेशनाच्या पुलावर ती आमच्या पुढे चालत होती. अर्ध्या जिन्यात आम्हांस दम लागला, तेव्हा पिशवी दुसऱ्या हातात घेऊन ती वरच्या पायरीवर थांबून राहिली.