आधी ‘मी’, मग आडनाव

आमच्या पिढीला दुर्गा खोटे ठाऊक त्या आई नाहीतर आजी म्हणून. ‘मुगल-ए-आझम’ची (१९६०) जोधाबाई, ‘बॉबी’तली (१९७३) आजी. त्यांचं ‘मी, दुर्गा खोटे’ हे पुस्तक परवा पुन्हा वाचायला घेतलं. ते आलं १९८२ मध्ये, म्हणजे बाई तेव्हा सत्त्याहत्तर वर्षांच्या! मीही आता सत्तरी ओलांडलेली, त्यामुळे या वेळी वाचताना डोळा वेगळाच होता.

दुर्गाबाई मुंबईच्या लाड सॉलिसिटरांची मुलगी. शिक्षण कॅथेड्रल शाळेत, मग सेंट झेवियर्समध्ये. लग्न श्रीमंत खोट्यांकडे. पुढे ती श्रीमंती ओसरली, आणि पदरात दोन मुलं. १९३१ साली ‘फरेबी जाल’मध्ये लहानसं काम केलं. जाहिरात मात्र झाली ती लाडांची मुलगी, खोट्यांची सून म्हणून! कामापेक्षा घराण्याचं नावच विकायला काढलेलं. मग काय, बोलणाऱ्यांची तोंडं कोण धरणार?

दुसरी एखादी कायमची घरात बसली असती. दुर्गाबाई पुढच्याच वर्षी शांतारामबापूंच्या ‘अयोध्येचा राजा’त, मराठीतल्या पहिल्या बोलपटात, तारामती झाल्या. १९३४ ला देवकी बोस यांची ‘सीता’. १९३६ ला ‘अमर ज्योती’तली चाच्यांची राणी सौदामिनी! सगळे नट एकेका कंपनीच्या पगारावर असण्याचे ते दिवस, पण बाई कोल्हापूर, कलकत्ता, मुंबई अशा निरनिराळ्या कंपन्यांत कामं करत राहिल्या.

त्या जाहिरातीनंतर एक्कावन्न वर्षांनी त्यांनी स्वतःचं पुस्तक लिहिलं, आणि नावात पहिला शब्द ‘मी’. त्यानंतर स्वल्पविराम. (जुनी मास्तरीण आहे, स्वल्पविराम माझ्या नजरेतून सुटत नाही.) आडनाव सोडलेलं नाही, फक्त मागे नेऊन बसवलंय. इंग्रजी शाळेतली बाई लिहिते मराठीत, याचंही मला कौतुक.

हंसा वाडकरांचं ‘सांगत्ये ऐका’ अधिक धीट, हे खरं. पण ते त्यांनी अरुण साधूंना सांगितलेलं. विजयाबाई मेहतांचं ‘झिम्मा’ २०१२ चं. विजयाबाई दुर्गाबाईंच्या सूनबाई, त्यांचे पहिले पती हरीन हा दुर्गाबाईंचा मुलगा, तो अकाली गेला. एकाच घरातल्या सासू-सुना, दोघी नटी, दोघींनी आपापलं लिहून ठेवलं. असं घर दुसरं मला तरी माहीत नाही.

हे सगळं आजच का, तर आमच्याकडचीही एक गोष्ट कधीची लिहायची राहिली आहे. “घरातलं घरात राहू दे गं,” असं प्रत्येक वेळी कोणीतरी म्हणतं आणि मी थांबते.

१९४८ साली आईला प्राथमिक शाळेत नोकरीचं पत्र आलं होतं. महालातल्या वाड्यात आजोबांनी ते तिच्यासमोर चुलीत घातलं. घराण्याची सून दुसऱ्याच्या पगारावर राहणार नाही म्हणे. आई एवढंच सांगायची आणि भाजी निवडायला घ्यायची. मला शाळेत नोकरी लागली त्या दिवशी मात्र तिने माझं पत्र दोनदा वाचलं, आणि घडी करून स्वतःच्या ट्रंकेत ठेवलं. मला ते सापडलं ती गेल्यावर.

काकांकडच्या मंडळींना राग आला तर फोन करा. दुपारी मी जागीच असते.